लुईच्या बापाचं पान

“गोवर इलो म्हणान सांगा. कोणीय इचारलां तरी तसांच सांगा. बापाशीच्या हातचां दुखणां चेडवाच्या मनात रवाक नको.”

गोदूबाईचा हा आवाज गंगारामच्या कानात अठरा वर्षं मुक्कामाला होता. गोदूबाई म्हणजे त्याची आई. ती जाऊनही सात पावसाळे उलटले. तिच्या हातच्या तिरफळाच्या आमटीची चव जिभेवरून उतरली, चेहराही भिंतीवरच्या फोटोत होता तेवढाच उरला. आवाज मात्र पुसट झाला नाही. होडी पाण्यात लोटताना यायचा, हात धुताना यायचा, आणि लेक रूपाली घरी आली की हमखास यायचा.

अठरा वर्षांपूर्वीच्या त्या सकाळी गंगाराम तळाशीलच्या आपल्या खळ्यात, म्हणजे अंगणात, होडीचं शीड शिवत बसला होता. मांडीवर जाड कापड, हातात वीतभर दाभण. तीन वर्षांची रूपाली त्याच्या गुडघ्याला टेकून बघत होती. तेवढ्यात किनाऱ्यावरून हाळी आली, रापणीचं जाळं भरलंय, ओढायला हात कमी पडतायत. गंगारामने दाभण शिडातच टोचून ठेवला, “इलंयच बाय” म्हणाला आणि वाळूतून धावत सुटला. पोरीला वाटलं, बाबांचं राहिलेलं आपण शिवून टाकू. तिने दोन्ही हातांनी दाभण धरला. तो निघेना. मग ती त्यावर वाकली आणि सगळ्या अंगाचा जोर लावून तिने ओढला.

उजवा डोळा त्याच दिवशी गेला. डावा चांगला होता, पण एका डोळ्याचं दुखणं दुसऱ्यात उतरतं असं डॉक्टर म्हणाले, आणि शिमग्यापर्यंत तसंच झालं. गंगारामची बायको सुभद्रा तोवर त्याच्याशी एक शब्द बोलली नव्हती. गोदूबाईने दोघांना चुलीपुढे बसवलं आणि गोवराने डोळे गेले असंच म्हणायला सांगितलं. दोघांनी माना हलवल्या. सगळी वाडी तेव्हा रापणीवर होती, म्हणून वाडीला ते पटलं, पोरीलाही ते पटलं. तीन वर्षांच्या जिवाला आठवण ती किती असणार. गंगारामने दाभण खाडीत फेकला, शिडाची होडी विकली आणि दुसऱ्याच्या मशीनच्या होडीवर खलाशी म्हणून जाऊ लागला. पुन्हा कधी त्याने टोकाची वस्तू हातात धरली नाही. जाळं विणायचा ते बोथट लाकडी सुईने.

रूपाली दहा वर्षांची झाली तेव्हा, म्हणजे अठ्ठ्याण्णव सालच्या जूनमध्ये, त्याने तिला घाटावरच्या अंध मुलांच्या शाळेत नेलं. घरातल्या थोरांचा विरोध होता. त्याचा चुलतभाऊ सहदेव, घराण्यात वयाने मोठा, खळ्यात उभा राहून म्हणाला होता, “आंधळां चेडू परमुलखात ठेवन येतंस? तुझ्या घरात तेका घासभर जेवण नाय?” गंगारामने पोरीची पिशवी उचलली. पोरीचा हात धरून मालवणहून कसालला आला, कसालला घाटावर जाणारी गाडी धरली. घाटातल्या प्रत्येक वळणावर रूपाली विचारत होती, “बाबा, आता काय दिसता?” आणि तो सांगत होता. धुकां. माकड. पाण्याची धार. एक ट्रक, मागे फुलां काढलेली.

शाळेत विमलाबाई नावाच्या शिक्षिका होत्या. त्यांनी रूपालीला बाकावर बसवलं, पुढ्यात भोकांची पत्र्याची पाटी ठेवली, तिच्यात जाड कागद अडकवला आणि मुलीच्या मुठीत लाकडी मुठीची टोचणी दिली. तिचं टोक बघताच गंगाराम झेपावला. टोचणी हिसकावून त्याने पाठीमागे धरली.

“भाऊ, द्या तिला ती,” विमलाबाई शांतपणे म्हणाल्या. “तिची लेखणी आहे ती.”

“टोक आसा तिका.”

“टोक नसेल तर अक्षर कसं उमटेल?”

गंगारामने टोचणी परत दिली आणि तो बाहेर नळापाशी जाऊन उभा राहिला. आतून टक टक आवाज येऊ लागला. टोकाचा तो आवाज ऐकत तो गाडीची वेळ होईपर्यंत तिथेच होता. विमलाबाईंना वाटलं, बाप आहे, पोरीला सोडून जाताना जीव तुटतोय. ते खरंच होतं, पण तेवढंच नव्हतं.

मग रूपालीची पत्रं येऊ लागली. ठिपक्यांची ओळ, खाली विमलाबाईंच्या हातची शाईची ओळ. चौथी शिकलेला गंगाराम शाईची ओळ वाचायचा आणि मग ठिपक्यांवरून अंगठा फिरवायचा. दोरखंडाने घट्टे पडलेल्या त्या अंगठ्याला भाजलेल्या रव्यासारखं काहीतरी लागायचं, अक्षर काही लागायचं नाही. प्रत्येक पत्राच्या शेवटी एकच वाक्य असायचं: तुम्ही मला शाळेत घातलंत, म्हणून मी तुमची आभारी आहे.

“आमच्या घरात कोण कोणाक आभार म्हणता गो?” सुट्टीत ती आली की तो चिडवायचा.

“मी म्हणतंय,” ती हसून म्हणायची. “शाळेत शिकयल्यानी.”

तो हसायचा खरा. पण ते आभार त्याच्या अंगाला लागायचे नाहीत. परक्याच्या दारातलं टपाल चुकून आपल्याकडे आलं की माणूस ते हातात धरून उभा राहतो, तसं त्याचं व्हायचं. ठेवून घ्यावं तर आपलं नाही, परत करावं तर काय सांगून करावं?

दोन हजार नऊच्या जूनमध्ये रूपाली त्याच शाळेत लहान मुलांना ब्रेल शिकवायला लागली. भाद्रपदात म्हाळाच्या सुट्टीला आली ती एक जाडजूड पुस्तक घेऊन. म्हाळ म्हणजे पितृपक्षातलं घरच्या पितरांचं जेवण. त्या वर्षी त्याची पाळी गंगारामच्या घरी होती, म्हणून सहदेवकाका दोन दिवस आधीच येऊन पडवीतल्या खुर्चीवर बसला होता. वाडीतल्या दोन-चार बायका वाटाणे निवडायला जमल्या होत्या. सुभद्रा दारात बसून नारळ खवत होती. गंगाराम पायरीवर जाळ्याची फाटकी भोकं भरत होता.

रूपालीने पुस्तक मांडीवर उघडलं. तिची दोन्ही बोटं ओळीवरून चालू लागली आणि तोंडातून मालवणीत गोष्ट उतरू लागली.

“ह्यो आमचो लुई. लुई ब्रेल. आमची अक्षरां तेणी केल्यान. फ्रान्स देशातल्या एका बारक्या गावात जल्माक इलो, तेका जानेवारीत दोनशे वर्सां झाली. तेचो बापूस घोड्यांचे लगाम आणि खोगीर शिवायचो.”

“म्हणजे चामड्याचां काम,” सहदेवकाका खुर्चीतून म्हणाला.

“होय काका.”

“असो. फुडे वाच.”

“लुई तीन वर्सांचो होतो. एक दिवस बापूस कामातसून उठान भायर गेलो. लुई बापाशीसारखां करूक म्हणान चामड्याक भोक पाडूक बसलो. हातात आरी होती, टोकाची. ती निसाटली आणि गेली डोळ्यात.”

खोबऱ्याचा आवाज थांबला. सुभद्रा विळीवर नारळाची कवड तशीच धरून बसली. गंगारामच्या हातातली लाकडी सुई जाळ्याच्या एका डोळ्यात अर्धी आत, अर्धी बाहेर राहिली.

“एकाच डोळ्यात?” त्याने विचारलं.

“पयल्यान एकात. मगे दुसरोय गेलो. पाच वर्सांचो होयसर सगळो काळोख.”

“अरे माझ्या कर्मा,” एक बाई म्हणाली. “आणि आवशीन बापाशीक घरात कसो ठेवल्यान?”

“तसां नाय काकी. बापूस बरो होतो. तेणी लुईक काठये करून दिल्यान. फळयेर खिळे मारून अक्षरां शिकयल्यान, बोटाक लागतीत अशी. मगे धा वर्सांचो झालो तेवा पॅरिसाक आंधळ्यांच्या शाळेत धाडल्यान.” रूपाली आवाजाच्या दिशेने बापाकडे वळली. “मीय धा वर्सांचाच होतंय, नाय बाबा? तुमी माका कसालसून नेलास तेवा.”

गंगारामने हुंकार दिला. मग खाली जाळ्याकडे बघत म्हणाला, “तो लुई मगे बापाशीक काय म्हणालो?”

“कित्याबद्दल?”

“आरयेबद्दल.”

रूपालीची बोटं क्षणभर कोऱ्या जागेवर थांबली. “पुस्तकात तसां काय नाय.”

“खंयच नाय?”

“नाय बाबा. पण ऐका तरी. शाळेत एक बारा ठिपक्यांची लिपी होती, शिपायांसाठी केलेली, काळोखात वाचूक. ती बोटाक मावना नाय. लुईन ती सोपी केल्यान, सहा ठिपक्यांत सगळी अक्षरां बसयल्यान. पंधरा वर्सांचो होतो. आणि ठिपके कशान पाडी म्हायत आसा? आरयेसारख्याच टोचणीन. जां टोक डोळ्यात गेलां, तसल्याच टोकान लिवक लागलो.”

बायकांना ते पटायला थोडा वेळ लागला. पुढे ती सांगत गेली. तो देवळात, म्हणजे चर्चमध्ये, ऑर्गन वाजवायचा. त्रेचाळिसाव्या वर्षी छातीच्या दुखण्याने गेला. त्याच्या शाळेने त्याची लिपी मान्य केली ती त्याच्या मागून दोन वर्षांनी. आणि शंभर वर्षांनी सरकारने त्याची हाडं गावातून काढून पॅरिसला नेली, देशातल्या थोर माणसांच्या स्मारकात ठेवायला. तेव्हा गाव म्हणालं, सगळा न्या, हात मात्र आमच्याकडे राहू देत. अजून त्याचे हात त्याच्या गावातच आहेत.

“बघ तर,” सहदेवकाका पहिल्यांदाच खुर्चीत पुढे सरकला. “गाव झाला तरी तां गावच.”

मग रूपालीने पुस्तक मिटलं आणि मनातलं बोलली. “काका, बाबा, एक मागणां आसा. परवा म्हाळात लुईक एक पान वाढूया. माझो गुरू तो. तेका पोरबाळ नव्हतां.”

काकाने घसा साफ केला. “बाय, तुझी माया माका समाजता. पण धर्म वेगळो, देश वेगळो, आणि बापूस चामड्यातलो. आपल्या पितरांच्या पंगतीक तेका कसो बसवचो?”

“काका, तुमच्या पायातली वहाण खंयची?”

“ती दाराभायर काढतंय मी.”

“वाचतंय ती बोटां मी दाराभायर काढून येव काय?” रूपालीने इतक्या सरळपणे विचारलं की बायका तोंडाला पदर लावून हसल्या. काकालाही हसू आवरलं नाही, पण त्याने मान डोलावली नाही. “भटजी काय म्हणतत तां बघूया,” एवढंच म्हणाला.

संध्याकाळी विहिरीवर सुभद्रा कळशी भरत होती. गंगाराम रहाटापाशी आला. अठरा वर्षांत त्या दोघांत या विषयावर बोलणं झालं नव्हतं. सुभद्रा कळशीकडेच बघत म्हणाली, “सांगतालास काय तिका?”

“तिचो विश्वास आसा माझ्यार. दुसरां काय आसा माझ्याकडे?”

“माका आपला वाटता, तिणी आपल्या तोंडान तां वाचल्यान. आता आमीच तेवडे आंधळे रवलो.”

गंगारामने तिची कळशी उचलून दिली. सांगितलं तर लेक पुन्हा बाबा म्हणेल, पण त्या ‘बाबा’त आजचं काही उरेल का, याचाच त्याला धाक होता. पत्राच्या शेवटची ओळ यायची बंद झाली तर? ती ओळ त्याला सोसतही नव्हती आणि तिच्याविना राहवणारही नव्हतं.

म्हाळाच्या दिवशी सकाळपासून घरात वड्यांचा खमंग वास भरला. काळ्या वाटाण्याचं सांबार रटरटत होतं, खिरीत गूळ पडला होता, अळवाची भाजी निवत होती. सुभद्रा वडे थापता थापता गुणगुणत होती. सासूकडून तिला ओव्यांचं वळण आलं होतं, शब्द मात्र तिचे स्वतःचे असायचे:

सहा ठिपक्यांनी गो
लेक माझी पोथी वाची
दूर देशीच्या पोराक
माया माझ्या घरची

भटजी आले. पाय धुऊन पाटावर बसले. काकाने त्यांच्यापुढे अडचण मांडली, आणि मांडताना चामड्यावर जरा जोर दिला. भटजी वयस्कर होते, कानाला हात लावून ऐकत होते.

“गुरू म्हणालीस ना मुली?”

“होय. तेच्यामुळे मी वाचतंय.”

“मग अडचण कसली? महालयात गुरू येतो, आप्त येतो, सखाही येतो. आपण एरवी नावं घेत नाही ती कंटाळ्याने.” त्यांनी दर्भ सारखे केले. “गोत्र?”

सगळे एकमेकांकडे बघू लागले.

“ठाऊक नसेल तर काश्यप. ज्याचं गोत्र कोणाला माहीत नाही, तो काश्यप. सहदेवराव, त्यात चांभार, ब्राह्मण, फिरंगी सगळे आले.”

“पण भटजी,” काकाला आता वेगळीच काळजी लागली होती, “हाडां पॅरिसाक, हात गावाक. पान पोचताला खंय?”

“जेवायला हात लागतात. गावाला जाईल.”

या निकालावर सगळे खूश झाले. रूपालीने हात जोडले. भटजींनी नावं घ्यायला सुरुवात केली. गंगारामचा बाप, आजा, पणजा. गोदूबाई. तिच्या माहेरची माणसं. प्रत्येक नावाला गंगाराम पळीने पाणी सोडत होता. काश्यप गोत्र, लुई ब्रेल, गुरू. पाणी सोडलं. भटजी पळी खाली ठेवणार, तेवढ्यात गंगाराम म्हणाला, “आणखी एक पान होया.”

“कोणाचं?”

“तेच्या बापसाचां.”

सुभद्रा चुलीपाशी उठून उभी राहिली. काकाच्या भुवया वर चढल्या. “गंगाराम, अरे, झील झालो, आता बापूसय? उद्या घोड्याक वाढशीत.”

“गुरूचा पिता यादीत नाही,” भटजी म्हणाले. “तुमचा कोण लागतो तो?”

गंगारामने ओलं बोट धोतराला पुसलं. “वांगडी,” तो म्हणाला.

म्हणजे सोबती. भटजींनी त्याच्याकडे जरा जास्त वेळ बघितलं, पण विचारलं नाही. “सखा म्हणून घ्या,” ते म्हणाले. बापाचं नाव रूपालीने पुस्तकातून सांगितलं, सिमों रने. भटजींनी ते आपल्या जिभेला झेपेल तसं घेतलं आणि गंगारामने पाणी सोडलं.

“बरां केलास बाबा,” रूपाली हळूच म्हणाली. “माका सुचाक नाय. बापूस होतो म्हणान लुई शाळेत गेलो. बापाशीचे उपकार पयले.”

खळ्याच्या गडग्यावर, म्हणजे दगडी कुंपणावर, पानं मांडली. ओळीत नऊ. कडेची दोन परदेशची. कावळा शिवल्याशिवाय घरात कोणी जेवणार नव्हतं. माडावरून कावळे उतरले, गंगारामच्या बापाच्या पानावर बसले, आजाच्या पानातला वडा पळवला, गोदूबाईच्या पानातली खीर दोघांनी मिळून सांडली. सात पानं झाली. कडेची दोन तशीच.

“काय झालां गो?” रूपाली पंखांच्या आवाजाकडे कान लावून होती.

“लुई जेवना नाय,” सुभद्राने सांगितलं.

“मी म्हटलंय ना,” काका भुकेला झाला होता, “तेका वड्याची सवय नाय. थंयचे लोक पाव खातत. दुकानातसून एक पाव हाडा कोणीतरी.” सल्ला बरा वाटला. शेजारणीने घरातलाच पाव आणून दोन्ही पानांत अर्धा अर्धा ठेवला. कावळ्यांनी ढुंकून बघितलं नाही.

असं झालं की गेलेल्या माणसाच्या मनात काय राहिलं असेल ते ओळखून बोलायचं असतं. रूपाली गडग्यापाशी चाचपत गेली. पानाच्या कडेवर बोट ठेवून, समोर माणूस बसला आहे अशा सुरात ती बोलली.

“लुई, तुझी लिपी तुका जिवंतपणी कोणी मानूक नाय, म्हायत आसा माका. माझ्या वर्गात अकरा पोरां आसत. नऊ वाचूक लागली. रवलेली दोन, ती दिवाळयेपर्यंत वाचतली. मी बसतंय तेंच्याकडे. तुझे लय उपकार आमच्यार. आता जेव.”

ती बाजूला झाली. एक कावळा गडग्यावर उतरला, उड्या मारत आला आणि लुईच्या पानातला वडा घेऊन माडावर गेला. पंख ऐकूनच रूपालीला कळलं. तिने डोळ्यांना पदर लावला. काकाने “जेवलो, जेवलो बघ” म्हणत तिच्या पाठीवर हात ठेवला, आणि मघाची सगळी कुरकुर त्या हातात विरून गेली.

शेवटचं पान राहिलं. सगळे वाट बघत होते. उन्हात खिरीवर साय धरली. एक कावळा जवळ येऊन बसला, मान वाकडी केली आणि उडून गेला.

“चामड्याचां म्हणान मी बोलल्याचो राग इलो काय तेका?” काका खरोखर अस्वस्थ होऊन म्हणाला. त्याने गडग्यापुढे जाऊन हात जोडले. “चुकलंय, म्हाराजा. तुमी थोर.” तरी पान तसंच.

“बाबा,” रूपाली म्हणाली. ती पायरीपाशी आली आणि तिने बापाचा हात शोधला. “पान तुमी सांगलास. तेच्या मनात काय आसा तां तुमकाच ठावक असतलां. तुमी बोला.”

गंगारामने सुभद्राकडे बघितलं. ती त्याच्याकडेच बघत होती. तिने मान हलवली नाही, डोळेही वळवले नाहीत. लेकीची बोटं त्याच्या अंगठ्यावरच्या घट्ट्यांवरून सवयीने फिरत होती.

गंगाराम शेवटच्या पानाकडे बघत म्हणाला, “तेका आपल्या पोराक एक सांगूचा रवला असतला. पुस्तकात नाय तां. माका ठावक आसा, कारण माझांय रवलां हा.”

“काय बाबा?”

“तू माका आभार म्हणतंस. पत्रात लिवतंस. तां घेवक माझो हात फुडे येना नाय गो. शाळेत घातलंय, तां खरां. तुझ्या हातात टोचणी दिल्यानी तेवा मी भायर नळार जावन रडलंय. आज त्या लुईक पान वाढलां, तां तुझ्यासाठी नि माझ्यासाठीय. तेणी टोकातसून तुका अक्षरां काढून दिल्यान, नायतर माझां तोंड मी खंय दाखयतलंय होतंय? तेचे उपकार माझ्यान सात जल्मांत फिटाचे नाय.”

“पण टोकाचो नि तुमचो काय संबंध?”

“तुका गोवर कधी येवकच नाय, बाय.”

रूपालीची बोटं थांबली. सुटली मात्र नाहीत. काका हात जोडलेले तसेच ठेवून उभा होता.

“आजयेन सांगल्यान म्हणान आमी तसां म्हणत इलो. तिचो दोष नाय. तुझ्या आवशीचोय नाय. मी हयसर, ह्या खळ्यात, शीड शिवत होतंय. तू माझ्या गुडघ्याक टेकान बसलेलंस. रापण इली म्हणान हाळी घातल्यानी, आणि मी दाभण शिडातच टोचून ठेवलंय नि धावलंय. तुका बापाशीचां काम पुरां करूचा होतां. तू तो ओढलंस. तुझे डोळे माझ्या दाभणान गेले, रूपाली. अठरा वर्सां मी तुका सांगूक नाय.”

गडग्यावर पंख वाजले, शेवटच्या पानातला वडा घेऊन कावळा माडावर गेला, आणि रूपालीने बापाचा अंगठा आपल्या मुठीत घट्ट धरला.